दुर्गा खोटे यांची चित्रपट व रंगभूमीवरील कारकीर्द : एक ऐतिहासिक अभ्यास

प्रस्तावना

मराठी चित्रपट आणि रंगभूमी यांच्या इतिहासात दुर्गा खोटे (१९०५–१९९१) यांचे नाव येते तेव्हा त्याच्यासोबत एक विशेषण बहुधा हमखास येते : 'कुलीन घराण्यातून चित्रपटात आलेली पहिली अभिनेत्री'. पाठ्यपुस्तके, वृत्तपत्रांतील स्मरणलेख आणि पुरस्कारांच्या वेळी दिले जाणारे परिचय यांतून हे विशेषण इतके रूढ झाले आहे, की त्यापुढे जाऊन या अभिनेत्रीने सुमारे पन्नास वर्षे नेमके काय काम केले, ते कोणत्या परिस्थितीत केले आणि त्या कामाचे स्वरूप कसे बदलत गेले, हा प्रश्न सहसा विचारला जात नाही. घराण्याचे मोठेपण सांगताना व्यक्तीचे श्रम मागे पडतात. स्त्री-कलावंतांच्या इतिहासलेखनात हा दोष वारंवार आढळतो.

प्रस्तुत लेखात दुर्गा खोटे यांच्या कारकिर्दीचा विचार 'व्यवसाय' या अंगाने केला आहे. १९३१ साली मूकपटाच्या अखेरीस सुरू झालेली ही कारकीर्द १९८० च्या दशकात दूरचित्रवाणी मालिकांच्या निर्मितीपर्यंत येऊन पोहोचते. या दीर्घ प्रवासातील एक गोष्ट विशेष लक्षणीय आहे. सामान्यतः नट रंगभूमीवर घडतो आणि मग पडद्यावर जातो. दुर्गा खोटे मात्र प्रथम पडद्यावर प्रस्थापित झाल्या आणि नंतर रंगभूमीवर आल्या. हा उलटा क्रम केवळ एका व्यक्तीच्या आयुष्यातील योगायोग नसून विसाव्या शतकाच्या पूर्वार्धातील मराठी रंगभूमीच्या स्थितीशी त्याचा थेट संबंध आहे, असे या लेखाचे प्रतिपादन आहे.

'पहिली' या विशेषणाची चिकित्सा

दादासाहेब फाळके यांच्या 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) या मूकपटात तारामतीची भूमिका अण्णा साळुंके या पुरुष नटाने केली होती, हे सर्वज्ञात आहे. परंतु त्याच वर्षी फाळके यांच्या 'मोहिनी भस्मासुर' या चित्रपटात दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई (पुढे कमलाबाई गोखले) या दोघी पडद्यावर आल्या. म्हणजे भारतीय चित्रपटाच्या पहिल्याच वर्षी मराठी स्त्रियांनी कॅमेऱ्यासमोर काम केले होते. कमलाबाई गोखले यांनी पुढे रंगभूमीवर दीर्घकाळ काम केले. त्यानंतरच्या दोन दशकांत मूकपटांतून अनेक स्त्रियांनी भूमिका केल्या. त्यांपैकी काही अँग्लो-इंडियन व ज्यू समाजातील होत्या, तर काही गायन-नृत्याची परंपरा असलेल्या कलावंत घराण्यांतील होत्या.

रंगभूमीची स्थितीही विचारात घेतली पाहिजे. संगीत नाटकाच्या वैभवकाळात स्त्रीभूमिका प्रामुख्याने पुरुषच करीत. बालगंधर्वांनी (१८८८–१९६७) स्त्रीभूमिकेला जी लोकप्रियता मिळवून दिली, तिच्यामुळे प्रत्यक्ष स्त्रीची रंगमंचावर गरज आहे हेच प्रेक्षकांना वाटेनासे झाले होते. १९२० च्या दशकाच्या अखेरीस हिराबाई बडोदेकर व त्यांच्या भगिनींनी स्वतःच्या नाटक मंडळीमार्फत नाट्यप्रयोग केले. १९३३ मध्ये 'नाट्यमन्वंतर' या संस्थेने 'आंधळ्यांची शाळा' हे नाटक सादर केले. त्यात ज्योत्स्ना भोळे व पद्मावती वर्तक यांनी भूमिका केल्या. स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनीच कराव्यात हा विचार त्यानंतर हळूहळू रुजला.

या पार्श्वभूमीवर 'पहिली कुलीन अभिनेत्री' या पदवीचा अर्थ तपासला असता असे दिसते, की तीत दोन बाजूंनी अन्याय होतो. एक तर दुर्गा खोटे यांच्यापूर्वी काम केलेल्या स्त्रियांचे श्रम गौण ठरतात, जणू त्यांची कला त्यांच्या जन्मामुळे कमी मोलाची होती. दुसरे म्हणजे स्वतः दुर्गा खोटे यांचे कर्तृत्वही त्यांच्या घराण्याच्या खात्यावर जमा होते. हंसा वाडकर (१९२३–१९७१) यांचे 'सांगत्ये ऐका' (१९७०) आणि दुर्गा खोटे यांचे 'मी, दुर्गा खोटे' (१९८२) ही दोन आत्मचरित्रे बारा वर्षांच्या अंतराने प्रसिद्ध झाली. पहिल्या लेखिकेच्या घराण्याला कलावंतपणाची पार्श्वभूमी होती, तर दुसरी सुशिक्षित सुखवस्तू घरातील होती. दोघींनाही घरखर्चाची जबाबदारी अंगावर पडल्यामुळे कॅमेऱ्यासमोर उभे राहावे लागले. तरीही एकीची कहाणी 'शोकांतिका' म्हणून आणि दुसरीची 'आदर्श' म्हणून वाचली गेली. दोघींच्या आयुष्यातील आर्थिक विवंचनेचे साम्य या वाचनात हरवले.

शिक्षण, विवाह व चित्रपटातील प्रवेश

दुर्गा खोटे यांचा जन्म १४ जानेवारी १९०५ रोजी मुंबईत झाला. त्यांचे माहेरचे आडनाव लाड. घराणे मूळचे गोव्याकडील असून वडील पांडुरंगराव लाड हे मुंबईत सॉलिसिटर होते. त्यांचे शालेय शिक्षण मुंबईच्या कॅथीड्रल शाळेत आणि महाविद्यालयीन शिक्षण सेंट झेवियर्स महाविद्यालयात झाले. त्या काळात मराठी मुलींना इतके इंग्रजी शिक्षण मिळणे ही अपवादात्मक गोष्ट होती. त्यांचा विवाह विश्वनाथ खोटे यांच्याशी झाला. सासरचे घर धनाढ्य होते. परंतु पुढे त्या घराला मोठे आर्थिक नुकसान सोसावे लागले आणि दोन मुलांची आई असलेल्या या तरुण स्त्रीवर अर्थार्जनाची वेळ आली. आरंभी त्यांनी शिकवण्या केल्या.

१९३१ मध्ये मोहन भवनानी यांच्या 'फरेबी जाल' या चित्रपटात त्यांनी एक छोटी भूमिका स्वीकारली. मूकपट आणि बोलपट यांच्या सीमारेषेवरचा हा चित्रपट होता. तो चालला नाही. उलट प्रतिष्ठित घरातील सुनेने अशा चित्रपटात काम केल्याबद्दल टीका मात्र पुष्कळ झाली. येथे एका गोष्टीची नोंद आवश्यक आहे. ज्या कुलीनतेचा पुढे गौरव झाला, तीच कुलीनता या पहिल्या टप्प्यावर त्यांच्या मार्गातील अडथळा होती. नाचगाण्याची परंपरा असलेल्या घरातील मुलीला चित्रपटात जाण्यासाठी समाजाची परवानगी लागत नव्हती. लाड आणि खोटे या घराण्यांतील स्त्रीला मात्र नातेवाईक, शेजारी आणि वृत्तपत्रे या सर्वांना तोंड द्यावे लागले. घराण्याने तिला संधी दिली असे म्हणण्यापेक्षा घराण्याची पत गेल्यामुळे तिने संधी शोधली, असे म्हणणे वस्तुस्थितीला अधिक धरून होईल.

बोलपटाचे तंत्र आणि 'अयोध्येचा राजा'

'फरेबी जाल' मधील काम पाहून व्ही. शांताराम यांनी प्रभात फिल्म कंपनीच्या पहिल्या बोलपटासाठी दुर्गा खोटे यांची निवड केली. प्रभातची स्थापना १९२९ मध्ये कोल्हापुरात झाली होती आणि १९३३ मध्ये पुण्याला स्थलांतर होईपर्यंत कंपनीचे काम तेथेच चालत असे. 'अयोध्येचा राजा' (१९३२) हा पहिला मराठी बोलपट मानला जातो. त्यात गोविंदराव टेंबे यांनी हरिश्चंद्राची आणि दुर्गा खोटे यांनी तारामतीची भूमिका केली. संगीतही टेंबे यांचेच होते. हा चित्रपट मराठी व हिंदी अशा दोन भाषांत तयार करण्यात आला. १९१३ मध्ये पुरुष नटाने केलेली तारामती एकोणीस वर्षांनी एका स्त्रीने साकार केली आणि ती बोलू व गाऊ लागली. भारतीय चित्रपटाच्या इतिहासातील एक वर्तुळ येथे पूर्ण झाले.

या निवडीमागील तांत्रिक कारणही समजून घेतले पाहिजे. पार्श्वगायनाची पद्धत भारतात १९३५ च्या सुमारास सुरू झाली. तोपर्यंत नटनट्यांना चित्रण चालू असतानाच स्वतः गावे लागे आणि संवाद व गाणे एकाच वेळी ध्वनिमुद्रित होत. मायक्रोफोन एका जागी स्थिर असल्याने हालचालींवर मर्यादा येत. शिवाय द्विभाषिक चित्रपटात प्रत्येक प्रसंग दोनदा, दोन भाषांत चित्रित करावा लागे. त्यामुळे मूकपटात केवळ रूपाच्या बळावर टिकलेल्या अनेक नट्यांना बोलपटात स्थान राहिले नाही. स्पष्ट उच्चार, दोन भाषांचे भान, गाण्याची तयारी आणि पाठांतर या गुणांना एकाएकी महत्त्व आले. दुर्गा खोटे यांच्या शिक्षणाचा खरा उपयोग येथे झाला. त्यांच्या घराण्याने पडद्याला प्रतिष्ठा दिली असे म्हटले जाते. परंतु प्रत्यक्षात बोलपटाच्या नव्या तंत्राला ज्या कौशल्याची गरज होती, ते कौशल्य त्यांच्याजवळ होते.

त्याच वर्षी प्रभातच्या 'माया मच्छिंद्र' मध्ये त्यांनी स्त्रीराज्याच्या राणीची भूमिका केली. सोशिक तारामती आणि सत्ताधारी राणी ही दोन टोके एकाच वर्षात त्यांनी रंगविली. १९३६ च्या 'अमर ज्योती' मध्ये त्यांनी साकारलेली सौदामिनी हे या परंपरेतील सर्वांत प्रभावी उदाहरण होय. आपल्या मुलावरचा हक्क नाकारणाऱ्या राजसत्तेविरुद्ध बंड करून सागरी लुटारूंचे नेतृत्व करणारी ही नायिका त्या काळाच्या मानाने अत्यंत धाडसी होती. हा चित्रपट व्हेनिस येथील आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात दाखविला गेला.

स्टुडिओ-पद्धती आणि स्वतंत्र व्यवसाय

१९३० च्या दशकातील चित्रपट कंपन्यांची रचना मासिक वेतनावर आधारलेली होती. दिग्दर्शकापासून सुतारापर्यंत सर्वजण कंपनीचे नोकर असत आणि कराराच्या मुदतीत नटनट्यांना अन्यत्र काम करण्याची मुभा नसे. या पद्धतीमुळे उत्पन्नाची निश्चिती मिळे, पण कलावंताचे स्वातंत्र्य जाई. प्रभातमधील दुसरी नामवंत अभिनेत्री शांता आपटे यांनी १९३९ मध्ये कंपनीच्या दारात केलेले उपोषण हे या पद्धतीतील ताणाचे ठळक उदाहरण आहे. पुढील वर्षी त्यांनी 'जाऊ मी सिनेमात?' हे पुस्तक लिहून या व्यवसायातील स्त्रीच्या स्थितीबद्दल परखड विचार मांडले.

दुर्गा खोटे यांनी या प्रश्नाला वेगळे उत्तर दिले. एका कंपनीशी कायम बांधून न घेता त्यांनी निरनिराळ्या शहरांतील संस्थांसाठी काम केले. कलकत्त्याच्या न्यू थिएटर्ससाठी देवकी बोस यांनी दिग्दर्शित केलेला 'राजरानी मीरा' (१९३३) आणि ईस्ट इंडिया फिल्म कंपनीचा 'सीता' (१९३४) हे त्यांचे या काळातील महत्त्वाचे हिंदी चित्रपट. दोन्हींत पृथ्वीराज कपूर त्यांचे सहकलाकार होते. 'सीता' हा व्हेनिस महोत्सवात दाखविला गेलेला आरंभीचा भारतीय बोलपट होय. १९३० च्या दशकाच्या उत्तरार्धात त्यांनी 'सवंगडी' (हिंदीत 'साथी') या चित्रपटाच्या निर्मितीतही भाग घेतला. म्हणजे स्टुडिओ-पद्धती जोरात असतानाच त्या स्वतंत्र व्यावसायिक म्हणून उभ्या राहिल्या. १९४० च्या दशकात स्टुडिओ कोसळल्यानंतर 'फ्रीलान्स' पद्धत सर्वत्र रूढ झाली. त्या बदलाची चाहूल त्यांच्या कारकिर्दीत दहा वर्षे आधी लागते.

१९४० च्या दशकाच्या आरंभी त्यांच्या भूमिकांचे स्वरूप बदलले. आचार्य अत्रे यांच्या 'पायाची दासी' (१९४१) मध्ये त्यांनी सुनेला छळणारी सासू रंगविली. विजय भट्ट यांच्या 'भरत भेट' (१९४२) मध्ये त्या कैकेयी झाल्या. या दोन चित्रपटांच्या हिंदी आवृत्त्यांतील अभिनयाबद्दल बंगालच्या चित्रपट-पत्रकार संघटनेने त्यांना पुरस्कार दिले. सोहराब मोदी यांच्या 'पृथ्वीवल्लभ' (१९४३) मधील मृणालवती ही राजकारणी, कठोर आणि शेवटी प्रेमामुळे पराभूत होणारी स्त्री होती. वयाची पस्तिशी ओलांडल्यावर नायिकेचे काम संपते, असा व्यवसायाचा अलिखित नियम होता. दुर्गा खोटे यांनी त्या वयात खलनायिका आणि प्रौढ स्त्रियांच्या भूमिका स्वीकारून स्वतःसाठी नवे क्षेत्र निर्माण केले.

पडद्यावरून रंगभूमीकडे

१९४३ मध्ये मराठी रंगभूमीला शंभर वर्षे पूर्ण झाली. विष्णुदास भावे यांनी १८४३ मध्ये सांगलीत केलेल्या 'सीतास्वयंवर' या प्रयोगापासून ही गणना केली जाते. शताब्दी साजरी होत असताना प्रत्यक्षात रंगभूमी मात्र हलाखीत होती. बोलपटाने प्रेक्षक ओढून नेला होता, मोठ्या नाटक मंडळ्या बंद पडल्या होत्या आणि अनेक नाट्यगृहांची चित्रपटगृहे झाली होती. अशा वेळी डॉ. अ. ना. भालेराव यांच्या पुढाकाराने मुंबई मराठी साहित्य संघाने नाट्यमहोत्सवांची परंपरा सुरू केली. १९४४ च्या महोत्सवाने मराठी रंगभूमीच्या पुनरुज्जीवनाला चालना दिली, असे अभ्यासक मानतात. या चळवळीत दुर्गा खोटे सामील झाल्या.

साहित्य संघाच्या रंगमंचावर त्यांनी नानासाहेब फाटक यांच्यासमवेत केलेल्या भूमिका विशेष गाजल्या. कृ. प्र. खाडिलकर यांच्या 'भाऊबंदकी' मध्ये फाटक राघोबादादा आणि दुर्गा खोटे आनंदीबाई असत. खाडिलकरांनी हे नाटक लिहिले त्या काळात आनंदीबाईची भूमिका पुरुष नटच करीत. सत्तेची हाव आणि तिचे परिणाम यांचा खेळ एका स्त्रीच्या मुखातून ऐकताना त्या व्यक्तिरेखेला वेगळे वजन आले.

१९५४ मध्ये वि. वा. शिरवाडकर यांनी शेक्सपिअरच्या 'मॅकबेथ' चे 'राजमुकुट' या नावाने रूपांतर केले. साहित्य संघासाठी त्याचे दिग्दर्शन हर्बर्ट मार्शल या इंग्रज दिग्दर्शकाने केले. मार्शल यांनी मॉस्कोत आयझेन्स्टाइन यांच्याकडे शिक्षण घेतले होते आणि लंडनच्या युनिटी थिएटरमध्ये काम केले होते. मराठी नटसंच आणि मराठी न जाणणारा दिग्दर्शक असा हा प्रयोग होता. मॅकबेथच्या भूमिकेत नानासाहेब फाटक आणि लेडी मॅकबेथच्या भूमिकेत दुर्गा खोटे होत्या. फाटक यांची वाणी जुन्या गद्य नाटक मंडळ्यांच्या परंपरेत घडलेली होती, तर दुर्गा खोटे यांचा अभिनय कॅमेऱ्यापुढे, बारीक हावभावांच्या शिस्तीत घडला होता. त्यांचे इंग्रजी शिक्षण आणि शेक्सपिअरचा मूळ भाषेत होऊ शकणारा परिचय यांचीही येथे मदत झाली असणार. दोन भिन्न अभिनयपद्धती एका रंगमंचावर आल्या, हे या प्रयोगाचे ऐतिहासिक महत्त्व होय.

परंतु या सर्व नाट्यकार्याची आर्थिक बाजू वेगळी होती. साहित्य संघ ही धंदेवाईक नाटक मंडळी नव्हती. महोत्सवापुरते मोजके प्रयोग होत आणि त्यातून नटाचा चरितार्थ चालणे शक्य नव्हते. संघाला स्वतःचे बंदिस्त नाट्यगृहही १९६४ पर्यंत नव्हते. म्हणून दुर्गा खोटे चित्रपटांतून अर्थार्जन करीत आणि रंगभूमीला वेळ देत. पडद्याने रंगमंचाला पोसण्याची ही पद्धत पुढे मराठी नाट्यव्यवसायाचा एक स्थायी भाग झाली. १९५८ मध्ये त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार आणि १९६८ मध्ये पद्मश्री हा सन्मान मिळाला.

एक तुलना : पेगी ॲशक्रॉफ्ट

या प्रतिपादनाला इंग्लंडमधील समकालीन उदाहरणाची जोड दिली असता ते अधिक स्पष्ट होते. पेगी ॲशक्रॉफ्ट (१९०७–१९९१) ही ब्रिटिश अभिनेत्री दुर्गा खोटे यांच्याच पिढीतील. दोघींचे निधनही एकाच वर्षी झाले. ॲशक्रॉफ्ट यांनी लंडनच्या नाट्यशिक्षण संस्थेत रीतसर शिक्षण घेतले आणि १९२६ मध्ये बर्मिंगहॅमच्या रेपर्टरी थिएटरमध्ये रंगभूमीवर पदार्पण केले. १९३० मध्ये पॉल रॉबसन यांच्या ऑथेल्लोसमोर त्या डेस्डिमोना झाल्या. पुढे ओल्ड व्हिक आणि १९६१ पासून रॉयल शेक्सपिअर कंपनी या संस्थांत त्यांनी रंगभूमीवरील कारकीर्द घडविली. चित्रपटांत त्यांनी मोजकेच काम केले. 'अ पॅसेज टू इंडिया' (१९८४) मधील मिसेस मूर या भूमिकेसाठी त्यांना ऑस्कर मिळाले, तेव्हा त्यांचे वय ७७ होते.

ॲशक्रॉफ्ट यांनी रंगभूमीवर पाऊल ठेवले तेव्हा इंग्लंडमध्ये अभिनेत्रीच्या प्रतिष्ठेचा प्रश्न बऱ्याच अंशी सुटला होता. हेन्री आयर्व्हिंग यांना १८९५ मध्ये 'सर' हा किताब मिळाला होता आणि एलेन टेरी यांना १९२५ मध्ये 'डेम' हा बहुमान मिळाला होता. शिक्षणसंस्था, वर्षभर चालणारी नाट्यगृहे, कायम नटसंच आणि सरकारी अनुदान अशा चार आधारांवर ॲशक्रॉफ्ट यांची कारकीर्द उभी राहिली. दुर्गा खोटे यांना यांपैकी एकही आधार उपलब्ध नव्हता. अभिनयाचे शिक्षण त्यांना चित्रपटाच्या सेटवरच घ्यावे लागले. त्यांच्या तरुणपणी स्त्रीला सामावून घेणारी स्थिर मराठी नाटक मंडळी जवळपास नव्हती. त्यामुळे एकीचा प्रवास रंगभूमीकडून पडद्याकडे आणि दुसरीचा पडद्याकडून रंगभूमीकडे झाला. हा फरक गुणवत्तेमुळे पडला नसून दोन समाजांनी नाट्यकलेसाठी उभ्या केलेल्या संस्थांमुळे पडला आहे. लेडी मॅकबेथसारखी भूमिका दुर्गा खोटे यांना पन्नाशीच्या उंबरठ्यावर मिळाली, आणि तीही मोजक्या प्रयोगांपुरती. मराठी रंगभूमीने या अभिनेत्रीला किती उशिरा आणि किती थोडे दिले, हे त्यावरून लक्षात येते.

उत्तर काळ : आईच्या भूमिका आणि निर्मिती

१९६० नंतरच्या प्रेक्षकांना दुर्गा खोटे प्रामुख्याने 'आई' म्हणून आठवतात. के. आसिफ यांच्या 'मुघल-ए-आझम' (१९६०) मधील जोधाबाई ही या मालिकेतील सर्वांत परिचित भूमिका. अकबराची पत्नी आणि सलीमची आई या दोन नात्यांत विभागलेली ही स्त्री त्यांनी फार थोड्या शब्दांत उभी केली. जेम्स आयव्हरी यांच्या 'द हाउसहोल्डर' (१९६३) मध्ये त्या शशी कपूर यांनी रंगविलेल्या नायकाची आई होत्या. 'बॉबी' (१९७३) मधील वृद्ध ख्रिश्चन स्त्री, 'बिदाई' (१९७४) मधील सासू आणि 'कर्ज' (१९८०) मधील आई या भूमिकाही लोकप्रिय झाल्या. 'बिदाई' साठी त्यांना सर्वोत्कृष्ट साहाय्यक अभिनेत्रीचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. चित्रपटातील आई ही बहुधा त्याग आणि अश्रू यांची मूर्ती असते. दुर्गा खोटे यांच्या आईमध्ये मात्र तारामतीपेक्षा सौदामिनी आणि मृणालवती यांचा ताठपणा अधिक आढळतो.

याच काळात पडद्यामागे त्यांचा दुसरा व्यवसाय वाढत होता. 'फॅक्ट फिल्म्स' आणि नंतर 'दुर्गा खोटे प्रॉडक्शन्स' या संस्थांमार्फत त्यांनी माहितीपट, लघुपट आणि जाहिरातपट यांची निर्मिती केली. दूरदर्शनवर १९८८ मध्ये सुरू झालेली, आर. के. लक्ष्मण यांच्या कल्पनेवर आधारलेली आणि कुंदन शाह यांनी दिग्दर्शित केलेली 'वागळे की दुनिया' ही मालिका याच संस्थेची निर्मिती होती. मध्यमवर्गीय मराठी कुटुंबाचे चित्र देशभर पोहोचविणाऱ्या या मालिकेत भारती आचरेकर यांच्यासारखी मराठी रंगभूमीवरील अभिनेत्री प्रमुख भूमिकेत होती. १९८३ साठीचा दादासाहेब फाळके पुरस्कार दुर्गा खोटे यांना देण्यात आला. फाळके यांच्या तारामतीची जागा घेणाऱ्या अभिनेत्रीला फाळके यांच्याच नावाचा पुरस्कार मिळाला. २२ सप्टेंबर १९९१ रोजी त्यांचे निधन झाले.

नाट्यपरंपरेच्या दृष्टीने आणखी एक धागा महत्त्वाचा आहे. त्यांच्या स्नुषा विजया, ज्या पुढे विजया मेहता म्हणून प्रसिद्ध झाल्या, यांनी १९६० मध्ये 'रंगायन' या संस्थेच्या स्थापनेत पुढाकार घेतला आणि प्रायोगिक रंगभूमीला नवी दिशा दिली. साहित्य संघाच्या महोत्सवांपासून रंगायनपर्यंतच्या वाटचालीत दिग्दर्शन आणि संस्थाउभारणी या, पूर्वी पुरुषांकडे असलेल्या जबाबदाऱ्या स्त्रियांनी स्वीकारल्या.

ठाणे–कल्याण परिसराच्या संदर्भात

दुर्गा खोटे यांच्या नाट्यकारकिर्दीचा काळ आणि मुंबई परिसरातील आधुनिक नाट्यगृहांचा काळ यांची तुलना उद्बोधक आहे. गिरगावातील साहित्य संघ मंदिर १९६४ मध्ये, दादरचे शिवाजी मंदिर १९६५ मध्ये आणि ठाण्याचे गडकरी रंगायतन १९७८ मध्ये सुरू झाले. त्यानंतर कल्याणला आचार्य अत्रे रंगमंदिर आणि डोंबिवलीला सावित्रीबाई फुले कलामंदिर उभे राहिले. गिरगाव-दादरचा मध्यमवर्ग उपनगरी रेल्वेच्या मार्गाने उत्तरेकडे सरकला, तसतशी रंगभूमीही त्याच्यामागे गेली. 'पायाची दासी' या चित्रपटाचे कर्ते अत्रे यांचे नाव कल्याणच्या नाट्यगृहाला आहे आणि स्त्रीशिक्षणाच्या प्रवर्तक सावित्रीबाईंचे नाव डोंबिवलीच्या कलामंदिराला आहे, ही बाब या विषयाच्या संदर्भात सूचक ठरते.

आज एखादी मराठी अभिनेत्री ठाण्याच्या घोडबंदर रस्त्यावर दूरचित्रवाणी मालिकेचे चित्रीकरण करते आणि शनिवार-रविवारी गडकरी रंगायतनात किंवा डोंबिवलीत नाटकाचा प्रयोग करते. मालिकेच्या उत्पन्नावर घर चालते आणि नाटकामुळे कलेचे समाधान मिळते, असे सांगितले जाते. ही रचना नवी वाटत असली तरी तिचा पाया साहित्य संघाच्या काळात दुर्गा खोटे यांच्यासारख्या कलावंतांनी घातला होता. फरक एवढाच, की आजच्या अभिनेत्रीला आपल्या घराण्याचा दाखला देऊन या व्यवसायात यावे लागत नाही.

समारोप

वरील विवेचनावरून पुढील निष्कर्ष काढता येतात. पहिला, दुर्गा खोटे यांच्या यशाचे श्रेय कुलीनतेला देणे इतिहासाच्या दृष्टीने अपुरे आहे. बोलपटाच्या तंत्राला आवश्यक अशी भाषा, वाचा आणि पाठांतर यांची तयारी हे त्यामागील अधिक ठोस कारण होते. दुसरा, स्टुडिओ-पद्धतीच्या काळातच स्वतंत्रपणे काम करून आणि वयानुसार भूमिकांचे स्वरूप बदलून त्यांनी स्त्री-कलावंताच्या दीर्घ व्यावसायिक आयुष्याचा नमुना घालून दिला. तिसरा, त्यांचा पडद्याकडून रंगभूमीकडे झालेला प्रवास हा मराठी रंगभूमीजवळ स्त्रियांसाठी स्थिर संस्था नव्हत्या याचा पुरावा आहे.

दुर्गाबाई कामत, कमलाबाई गोखले, शांता आपटे, हंसा वाडकर आणि दुर्गा खोटे यांना एकाच रांगेत ठेवून, त्यांच्या जन्माऐवजी त्यांच्या कामाच्या अटी, मोबदला आणि भूमिका यांचा अभ्यास झाला, तर मराठी नाट्य-चित्रपटसृष्टीच्या इतिहासाला आज दिसतो त्यापेक्षा वेगळा आकार येईल. त्या रांगेत दुर्गा खोटे यांचे स्थान 'पहिली' म्हणून नव्हे, तर सुमारे पन्नास वर्षे अखंड काम करणारी एक कर्ती स्त्री म्हणून राहील. आणि ते स्थान प्रचलित विशेषणापेक्षा निश्चितच मोठे आहे.